एका नगरीतील दोन मे दिन

(मंडळाच्या वार्षिक स्नेहसंमेलनात १ मे रोजी दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या मंडळाच्या चिटणिसांनी गेल्या महिन्यात माझ्या घरी येऊन संमेलनात चार शब्द बोलावेत अशी आज्ञा केली, तेव्हा मी प्रथम थोडे आढेवेढे घेतले. आयुष्यभर शाळेत इतिहास शिकविलेल्या माणसाला बोलण्याचा कंटाळा नसतो, हे आपण जाणताच. अडचण होती ती विषयाची. शिष्यवृत्त्या, वसतिगृह, वधूवरसूचना या विषयांवर अधिकाराने बोलणारी मंडळी येथे पुष्कळ आहेत. मग माझे लक्ष निमंत्रणपत्रिकेवरील तारखेकडे गेले आणि विषय आपोआप सापडला.

आपले संमेलन दरवर्षी १ मे रोजी भरते. त्या दिवशी सर्वांना सुट्टी असते एवढेच त्याचे कारण. १९६० सालापासून ही महाराष्ट्र राज्याच्या स्थापनेची तिथी झाली. परंतु त्याच्या कितीतरी आधीपासून ती जगभरच्या कामगारांची सुट्टी होती. ज्या दिवसाच्या आधाराने आपण एकत्र जमतो, त्या दिवसाचा इतिहास आपण क्वचितच आठवतो. दुसरेही एक कारण सांगतो, आणि ते कोणास बोचले तर क्षमा असावी. गेली चार वर्षे आपल्या या लहानशा समाजाची या एकाच दिवशी दोन संमेलने भरत होती. एक या कार्यालयात, आणि दुसरे नदीपलीकडच्या शाळेच्या पटांगणात. दोन्हीकडे तीच कुलदेवतेची तसबीर, तीच स्वागतगीते आणि तेच जिलबीचे जेवण. कोणी कोठे जेवले याचा हिशेब मात्र पुढे वर्षभर चाले. यंदा परमेश्वराच्या कृपेने आणि दोन्ही बाजूंच्या ज्येष्ठांच्या समजूतदारपणाने मांडव एकच आहे. अशा वेळी दुसऱ्याच्या घरातील भांडण पाहून आपले घर सावरावे, या न्यायाने मी आपल्याला एका दूरच्या शहराची हकीकत सांगणार आहे. ते शहर म्हणजे जर्मनीची राजधानी बर्लिन. तेथेही एकच सुट्टी होती, एकाच शहरातील माणसे होती, आणि मांडव दोन होते.

प्रथम या सुट्टीचा उगम पाहू. अमेरिकेतील कामगारांनी दिवसाचे काम आठ तासांवर आणावे या मागणीसाठी १ मे १८८६ रोजी मोठा संप पुकारला. त्यातून शिकागो येथे ४ मे रोजी हेमार्केट चौकात बाँबस्फोट आणि गोळीबार झाला, आणि पुढे कामगारांच्या पुढाऱ्यांना फाशी देण्यात आली. १८८९ च्या जुलै महिन्यात पॅरिस येथे निरनिराळ्या देशांतील समाजवादी प्रतिनिधींची परिषद भरली, आणि १ मे १८९० रोजी सर्व देशांतील कामगारांनी आठ तासांच्या दिवसासाठी एकाच वेळी निदर्शने करावीत असा ठराव तिने केला. ही सुट्टी कोणत्याही सरकारने दिलेली नव्हती. त्या दिवशी कामावर न जाणे हाच तो उत्सव होता. जो जाई तो मजुरी बुडवून जाई, आणि कित्येकदा दुसऱ्या दिवशी कारखान्याचे दार त्याला बंद दिसे.

याच सुमारास आपल्या मुंबईतही काही निराळे घडत नव्हते. नारायण मेघाजी लोखंडे यांचे नाव आपल्यापैकी ज्यांच्या घरी गिरणीची कमाई आली, त्यांनी तरी विसरू नये. महात्मा फुले यांच्या सत्यशोधक समाजातील हे कार्यकर्ते ‘दीनबंधु’ पत्राचे संपादक होते. गिरणीकामगारांना आठवड्याची सुट्टी मिळावी यासाठी त्यांनी वर्षानुवर्षे खटपट केली. २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगारांची सभा भरली आणि तीत दोन कामगार स्त्रियांनीही भाषणे केली. पॅरिसच्या ठरावाप्रमाणे पहिला मे दिन साजरा झाला तो त्यानंतर अवघ्या एका आठवड्याने. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांच्या संघाने रविवारची सुट्टी मान्य केली. म्हणजे आज ज्या रविवारी आपण लग्नाच्या बैठकी ठरवितो, तो रविवारदेखील कोणीतरी मागून आणि झगडून मिळविलेला आहे. सुट्टी म्हणजे नुसता रिकामा दिवस नव्हे. ज्याचे सहा दिवस दुसऱ्याच्या मालकीचे आहेत, त्याचा स्वतःच्या मालकीचा दिवस म्हणजे सुट्टी. ही व्याख्या कृपा करून ध्यानात ठेवावी. पुढील सर्व हकीकत तिच्याभोवतीच फिरणार आहे.

आता बर्लिनकडे वळू. कारखान्यांचे, लोखंडी कामाचे आणि विजेच्या यंत्रसामग्रीचे हे प्रचंड शहर. भाड्याच्या खोल्यांच्या चाळी एकामागे एक, मध्ये काळोखी चौक, आणि प्रत्येक चौकात पाचपन्नास बिऱ्हाडे. गिरणगावातील मनुष्यास ते चित्र समजावून सांगावे लागणार नाही. तेथे मे दिन बादशहाच्या अमदानीत पोलिसांच्या नजरेखालीच साजरा होत असे. पहिल्या महायुद्धाच्या ऐन धामधुमीत, १ मे १९१६ रोजी, कार्ल लीबक्नेख्ट या पुढाऱ्याने पोट्सडाम चौकात युद्धाविरुद्ध आणि सरकारविरुद्ध घोषणा केली आणि तेथल्या तेथे त्यास अटक झाली. युद्ध संपले, बादशाही गेली आणि आठ तासांचा दिवस कायद्याने आला. १९१९ साली नव्या प्रजासत्ताकाने १ मे ही राष्ट्रीय सुट्टी ठरविली, परंतु ती त्या एकाच वर्षापुरती. पुढे ती कायम करण्याविषयी पक्षांचे एकमत झाले नाही.

खरी फूट पडली ती कामगारांच्याच घरात. एकीकडे सोशल डेमोक्रॅट आणि दुसरीकडे कम्युनिस्ट. दोघांचेही झेंडे लाल, दोघांचीही गाणी तीच आणि दोघांचेही अनुयायी त्याच चाळींत राहणारे. परंतु दोघांमधील वैर मालकाशी असलेल्या वैरापेक्षाही कडवट झाले. १९२९ साली बर्लिनचा पोलीसप्रमुख सोशल डेमोक्रॅट पक्षाचा होता. दंग्याधोप्याच्या भीतीने उघड्यावरील सभामिरवणुकांवर त्याने घातलेली बंदी मे दिनालाही उठविली नाही. कम्युनिस्ट पक्षाने ती मोडून रस्त्यावर येण्याचे आवाहन केले. वेडिंग आणि नॉयकोल्न या कामगारवस्त्यांत तीन दिवस पोलिसांच्या बंदुका चालू होत्या. तीसहून अधिक माणसे मेली. त्यांत कित्येक असे होते की ज्यांचा मिरवणुकीशी काडीचाही संबंध नव्हता. खिडकीतून डोकावल्यामुळे किंवा रस्त्याने जात असल्यामुळे ते गोळीला बळी पडले. जर्मन लोक त्या दिवसांना ‘रक्ताचा मे’ म्हणतात. कामगारांच्या एका पक्षाच्या अधिकाऱ्याच्या हुकमतीखाली, कामगारांच्या दुसऱ्या पक्षाच्या आवाहनामुळे, कामगारांच्याच सणाला कामगार मेले. त्यानंतर या दोन भावांनी एकमेकांचे तोंड पाहिले नाही, आणि त्याचा फायदा ज्याने घ्यावयाचा त्याने घेतला.

तो घेणारा म्हणजे हिटलर. जानेवारी १९३३ मध्ये तो सत्तेवर आला. कामगार संघटनांनी चाळीस वर्षे मागूनही जी गोष्ट कायमची मिळाली नव्हती, ती त्याने एका फटकाऱ्यात देऊन टाकली. एप्रिल १९३३ मध्ये कायदा झाला, आणि १ मे हा ‘राष्ट्रीय श्रमाचा दिवस’ म्हणून भरपगारी सुट्टीचा दिवस ठरला. कामगार संघटनांच्या पुढाऱ्यांना वाटले की, थोडे नमते घेतले तर संघटना तरी वाचतील. त्यांनीही आपल्या सभासदांना समारंभात भाग घेण्याचे आवाहन केले. त्या दिवशी टेम्पेलहोफच्या मैदानावर दहा लाखांहून अधिक माणसे जमविण्यात आली. कारखान्याकारखान्यांतून रांगा करून माणसे आणण्यात आली; मालक आणि मजूर एकाच रांगेत चालले. रात्री दिव्यांचा झगमगाट, प्रचंड निशाणे आणि हिटलरचे भाषण असा थाट झाला. आणि दुसऱ्या दिवशी, म्हणजे २ मे रोजी सकाळी, हिटलरच्या स्वयंसेवकदळांनी देशभरातील कामगार संघटनांच्या कचेऱ्या ताब्यात घेतल्या, पैसा जप्त केला आणि पुढाऱ्यांना अटक केली.

या प्रसंगापाशी क्षणभर थांबावेसे वाटते. बंदीच्या दिवसांत मे दिन जिवंत राहिला होता; देणगी मिळाली त्या दिवशी तो मेला. सुट्टी तीच, तारीख तीच, उलट पगारही पूर्ण. गेली ती फक्त एक गोष्ट: त्या दिवशी कोठे जावे आणि कोठे जाऊ नये हे ठरविण्याचा कामगाराचा अधिकार. वरून दिलेली सुट्टी वाईटच असते असे माझे म्हणणे नाही. आपली आजची सुट्टीही सरकारी आहे. परंतु दिवस देणारा जेव्हा त्या दिवसाचा कार्यक्रमही ठरवितो आणि हजेरीही घेतो, तेव्हा तो सुट्टीचा दिवस राहत नाही. तो सातवा कामाचा दिवस होतो.

पुढे महायुद्ध झाले. १९४५ च्या १ मे रोजी बर्लिनच्या रस्त्यारस्त्यातून लढाई चालू होती, आणि दुसऱ्या दिवशी तेथील जर्मन सैन्याने शरणागती पत्करली. जेत्यांनी शहराचे चार भाग केले. पूर्वेचा रशियाकडे, आणि पश्चिमेचे अमेरिका, ब्रिटन व फ्रान्स यांच्याकडे. १९४६ साली ढिगाऱ्यांच्या त्या शहरात लुस्टगार्टन नावाच्या जुन्या राजवाड्यासमोरील मैदानावर कामगारांची मोठी सभा भरली. अन्न नाही, कोळसा नाही, अंगावर धड कपडे नाहीत. तरी बारा वर्षांनंतर आपला दिवस आपल्याला परत मिळाला या आनंदाने माणसे आली. परंतु वाळवी आत लागलेलीच होती. त्याच एप्रिल महिन्यात रशियन विभागात सोशल डेमोक्रॅट पक्षाचे कम्युनिस्ट पक्षाशी विलीनीकरण घडवून आणण्यात आले होते. पश्चिम भागातील सोशल डेमोक्रॅट सभासदांनी तत्पूर्वीच मतदान करून ते नाकारले होते.

दोनच वर्षांत मांडव दोन झाले. १९४८ च्या मे दिनी एक सभा पूर्वेस लुस्टगार्टनमध्ये आणि दुसरी पश्चिमेस, मोडक्या संसदभवनापुढील प्रजासत्ताक चौकात भरली. दोन्ही जागांमध्ये अंतर सुमारे दोन किलोमीटर, म्हणजे आपल्या या कार्यालयापासून नदीपलीकडच्या त्या शाळेइतकेच. मध्ये ब्रांडेनबुर्ग वेस. जूनमध्ये रशियाने पश्चिम बर्लिनचे रस्ते व लोहमार्ग रोखले. जवळजवळ अकरा महिने त्या अर्ध्या शहरास अन्न आणि कोळसा विमानांनी पुरवावा लागला. १९४८ च्या अखेरीस नगरपालिका दोन झाल्या, कामगार संघटना दोन झाल्या आणि चलने तर आधीच दोन झाली होती.

या चलनाचीच एक गोष्ट सांगतो, म्हणजे घोषणांच्या खाली सामान्य माणसाचे काय चालले होते ते दिसेल. शहरातील आगगाडी दोन्ही भागांतून धावे, पण तिचा कारभार पूर्वेकडे होता. पश्चिमेत राहणाऱ्या रेल्वे कामगारांना पगार मिळे पूर्वेच्या पैशात, आणि भाजी, दूध, घरभाडे द्यावे लागे पश्चिमेच्या महाग पैशात. मे १९४९ मध्ये, मे दिनाच्या समारंभानंतर तीन आठवड्यांच्या आतच, त्यांनी संप पुकारला. मागणी एकच, की आम्ही जेथे राहतो तेथील पैशात पगार द्या. आणि स्वतःला कामगारांचे सरकार म्हणविणाऱ्यांच्या रेल्वे कारभाराने तो मोडण्यासाठी माणसे आणली. स्थानकांवर मारामाऱ्या झाल्या. त्या कामगारांच्या बायकांना दोन्हीकडच्या मे दिनाच्या भाषणांपेक्षा त्या आठवड्याचा बाजार अधिक समजत असेल, यात मला शंका नाही.

पूर्वेकडील मे दिन कसा असे? जुना राजवाडा १९५० मध्ये पाडून टाकण्यात आला आणि त्या मोकळ्या जागेला १ मे १९५१ रोजी मार्क्स-एंगल्स चौक असे नाव देण्यात आले. तेथे उंच व्यासपीठावर पुढारी उभे राहत, आणि कारखाना, कचेरी, शाळा यांप्रमाणे आखून दिलेल्या ठिकाणी जमलेले लोक त्यांच्यापुढून जात. कोणत्या घोषणा फलकांवर लिहावयाच्या त्यांची यादी पक्षाच्या वृत्तपत्रात आधीच छापून येई. हातात हलविण्यासाठी कागदी निशाणे देत. १९५६ साली नव्याने उभारलेल्या सैन्याची पहिली जाहीर कवाईतही याच दिवशी याच चौकात झाली. श्रमिकांच्या सणाच्या अग्रभागी बंदुका चालल्या. जो येणार नाही त्याला तुरुंगात टाकीत असे नव्हे. परंतु कोण आले आणि कोण आले नाही हे लक्षात ठेवले जाई. बढती, मुलाचा उच्च शिक्षणातील प्रवेश अशा गोष्टी ज्यांच्या हाती, त्यांच्याच ते लक्षात राही. म्हणून माणसे येत. व्यासपीठ मागे पडले की फलक गुंडाळून ठेवीत, आणि मित्रांबरोबर खाण्यापिण्यास निघून जात. खरी सुट्टी तेव्हा सुरू होई.

सर्वच जण नाइलाजाने येत असे म्हणणे मात्र अन्यायाचे होईल. हिटलरच्या छळछावण्यांतून जिवंत परतलेले जुने कामगार त्या मिरवणुकीत होते. त्यांच्या लेखी तो लाल झेंडा तुरुंगात जपलेला झेंडा होता. त्यांच्या श्रद्धेवर आपण हसू नये.

आणि पश्चिमेकडे? तेथे येण्याची सक्ती नव्हती, तरीही माणसे लाखांनी येत. अर्न्स्ट रॉयटर आणि पुढे विली ब्रांट, हे दोन्ही महापौर स्वतः कामगार चळवळीतून वर आलेले. नोव्हेंबर १९५८ मध्ये रशियाचे पंतप्रधान ख्रुश्चेव्ह यांनी पाश्चात्त्य सैन्याने बर्लिन सोडावे असा निर्वाणीचा खलिता धाडला, तेव्हा १९५९ च्या मे दिनी प्रजासत्ताक चौक माणसांनी ओसंडून गेला. भयभीत शहराने आपले धैर्य त्या दिवशी एकमेकांच्या डोळ्यांत पाहिले. हे मोठे दृश्य होते आणि त्याचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. परंतु एक गोष्ट हळूहळू घडत गेली. आठ तासांचा दिवस, मजुरी, घरभाडे हे विषय मागे पडले आणि स्वातंत्र्य व पलीकडील राजवट हाच भाषणांचा मुख्य विषय झाला. पूर्वेकडील भाषणे पश्चिमेवर आणि पश्चिमेकडील भाषणे पूर्वेवर. ज्याचा सण, तो मनुष्य दोन्हीकडे श्रोत्यांत उभा होता. विषय मात्र दोन्हीकडे पलीकडचा मांडव हाच होता. १९६१ पर्यंत हजारो माणसे एका भागात राहून दुसऱ्या भागात रोज कामाला जात. अशा मनुष्याने १ मे रोजी कोठे जावे? जेथे घर आहे तेथे, की जेथे घाम गाळला तेथे? या प्रश्नाचे उत्तर एकाही व्यासपीठाजवळ नव्हते.

आता या हकीकतीतील सर्वांत महत्त्वाचा भाग सांगतो. पूर्व बर्लिनमध्ये स्टालिन मार्ग नावाचा भव्य रस्ता आणि त्यावर कामगारांसाठी टोलेजंग घरे बांधण्याचे काम चालू होते. मे १९५३ मध्ये सरकारने फर्मान काढले की, त्याच पगारात कामाचे ठरलेले प्रमाण निदान दहा टक्क्यांनी वाढवावे. १६ जून रोजी कामगार संघटनेच्या मुखपत्रात या वाढीचे समर्थन करणारा लेख छापून आला. मालकाच्या पत्रात नव्हे, कामगार संघटनेच्या पत्रात! गवंडी आणि सुतार यांनी हत्यारे खाली ठेवली आणि ते सरकारी कचेरीकडे चालू लागले. दुसऱ्या दिवशी, १७ जून रोजी, पूर्व जर्मनीतील शेकडो गावांतून लोक रस्त्यावर आले. फलक छापलेले नव्हते, जमण्याची जागा कोणी आखून दिलेली नव्हती आणि हजेरीही नव्हती. दुपारी रशियन रणगाडे आले. किमान पंचावन्न माणसे प्राणास मुकली असे पुढील संशोधनात निश्चित झाले, आणि हजारोंना अटक झाली. त्या शहरातील त्या वर्षीचा खरा कामगारदिन १ मे रोजी झालाच नाही. तो दीड महिन्याने, पंचांगात नसलेल्या तिथीला झाला.

पश्चिम जर्मनीने लगेच त्याच वर्षी कायदा करून १७ जून ही राष्ट्रीय सुट्टी ठरविली. पश्चिम बर्लिनमध्ये ब्रांडेनबुर्ग वेशीपासून जाणाऱ्या हमरस्त्यास त्या दिवसाचे नावही दिले. हेतू चांगला होता. पण पुढे काय झाले? दरवर्षी त्याच सभा आणि तीच भाषणे. आणि जूनमधील प्रसन्न हवेत बहुतेक कुटुंबे मुलाबाळांना घेऊन तळ्याकाठी सहलीस जाऊ लागली. ज्यांनी तो दिवस रक्ताने मिळविला ते पलीकडे होते, आणि तेथे त्याचा उच्चार करण्याची चोरी होती. ज्यांना सुट्टी मिळाली त्यांनी तो मिळविलेला नव्हता. एकाचे दुःख दुसऱ्याच्या पंचांगात गेले की त्याची सहल होते. यात दोष सहलीस जाणाऱ्याचा नाही.

१३ ऑगस्ट १९६१ रोजी भिंत उभारण्यास सुरुवात झाली आणि दोन मांडवांमधील वाट बंद झाली. पूर्वेकडील संचलने वर्षानुवर्षे चालू राहिली. पश्चिमेकडील त्या विराट सभा पुढे ओसरत गेल्या. १९८७ साली पश्चिम बर्लिनच्या क्रॉइझबर्ग या गरीब भागात मे दिनाच्या रात्री जाळपोळ आणि लूट झाली. तेव्हापासून पोलीस आणि तरुण यांच्यातील झटापट हीच तेथील त्या दिवसाची ओळख होऊन बसली. १९८९ च्या मे दिनी पूर्वेकडील पुढाऱ्यांनी व्यासपीठावरून मानवंदना घेतली. तितकीच माणसे, तितकीच निशाणे. व्यासपीठावरून पाहणाऱ्यास सर्व काही ठीक दिसले असेल. सहाच महिन्यांनी, ९ नोव्हेंबर रोजी, भिंत कोसळली. चाळीस वर्षे ज्या गर्दीची हजेरी घेतली, त्या गर्दीच्या मनात काय आहे याचा पत्ता हजेरीपटाने कधीच दिला नव्हता. ३ ऑक्टोबर १९९० रोजी देश एक झाला. १७ जूनची सुट्टी गेली आणि तिच्या जागी ३ ऑक्टोबर आला. १ मे मात्र राहिला. बंदी, देणगी आणि फाळणी या तिन्हींतून तो वाचला.

बंधुभगिनींनो, आता मी घरी परततो. माझे वडील मुंबईत गिरणीच्या साचे खात्यात होते, हे येथील वृद्ध मंडळींस ठाऊक आहे. मे दिनाला ते धुतलेला सदरा घालून कामगारांच्या मोर्चास जात. एका वर्षी ते गेले नाहीत. दिवसभर खाटेवर पडून राहिले आणि संध्याकाळी मला चौपाटीवर घेऊन गेले. मी विचारले, “यंदा का गेला नाहीत?” ते म्हणाले, “पाय दुखत होते, अन् सुट्टी माझीच आहे.” त्या वेळी मला त्यांचे उत्तर आळशीपणाचे वाटले. बर्लिनची हकीकत वाचल्यानंतर मला समजले की, त्या एका वाक्यात साऱ्या मे दिनाचा अर्थ होता. पुढच्या वर्षी ते पुन्हा गेले. कोणी बोलावले म्हणून नव्हे, त्यांना जावेसे वाटले म्हणून.

आपल्या नियामक मंडळापुढे सध्या एक सूचना आहे, असे मला समजते. दोन संमेलनांची पुन्हा एक झाली, ती एकी टिकावी म्हणून पुढील वर्षापासून प्रत्येक कुटुंबाची उपस्थिती नोंदवहीत लिहावी, आणि जे कुटुंब सलग दोन वर्षे येणार नाही त्याच्या मुलांचा शिष्यवृत्तीसाठी विचार मागाहून करावा, अशी ती सूचना. सुचविणाऱ्यांचा हेतू मी जाणतो. ते माझे स्नेही आहेत आणि समाजासाठी त्यांनी पदरचे पैसे खर्चिले आहेत. दुधाने तोंड पोळलेला मनुष्य ताकही फुंकून पितो. तरीही माझी त्यांना हात जोडून विनंती आहे की, ही सूचना त्यांनी मागे घ्यावी. नोंदवहीमुळे हा मांडव भरेल यात संशय नाही. परंतु भरलेल्या मांडवाकडे पाहून आपल्याला समाजाचे मन कधीच कळणार नाही. शिष्यवृत्ती ही मुलाच्या बुद्धीची आणि गरजेची आहे. ती बापाच्या हजेरीची नव्हे. जो येत नाही त्याच्या घरी आपण जावे आणि तो का येत नाही ते विचारावे. कदाचित त्याचे पाय दुखत असतील. कदाचित आपण मागे कधी त्याचे मन दुखविले असेल. नोंदवहीत या दोन्ही गोष्टींसाठी रकाना नसतो.

दुसरी विनंती आपणा सर्वांस. गेल्या चार वर्षांत दोन्हीकडच्या व्यासपीठांवरून जी भाषणे झाली, ती मी दोन्हीकडे जाऊन ऐकली आहेत. याबद्दल दोन्हीकडून बोलणीही खाल्ली आहेत. त्या भाषणांत आपल्या विधवा भगिनींचा, नोकरी सुटलेल्या तरुणांचा, वसतिगृहाच्या गळक्या छपराचा उल्लेख किती वेळा झाला, आणि नदीपलीकडच्या मांडवाचा किती वेळा झाला, हे प्रत्येकाने आपापल्या मनाशी आठवून पाहावे. एकी झाली म्हणजे पलीकडचा मांडव नाहीसा होतो. मग बोलावयास स्वतःचे प्रश्नच उरतात, आणि ते अधिक अवघड असतात. यंदापासून ते अवघड काम आपल्याला करावयाचे आहे.

आज आपण येथे आलात ते कोणी नोंद करणार म्हणून नव्हे, यावेसे वाटले म्हणून. पुढील वर्षीही आपल्याला यावेसे वाटावे, असे हे मंडळ आपण चालवू या.